सालाची पूजा आणि खर्जाचे वाद्य

एखाद्या वस्तूची गुणवत्ता विचारली असता जो तिचे साल सांगतो, तो उत्तर देत नसतो. उत्तर टाळत असतो. ही टाळाटाळ आपल्या साहित्यव्यवहारात इतकी मुरली आहे की ती आपल्याला टाळाटाळ वाटतच नाही. म्हणून आज मुद्दाम दूरचे उदाहरण घेतो. विजेवर चालणाऱ्या बेस गिटारच्या जगात या रोगाची लक्षणे इतकी स्पष्ट दिसतात की निदानाला वेळ लागत नाही.

अमेरिकेतील फेंडर कंपनीचा 'प्रिसिजन बेस' हे या जगातले आद्य दैवत. संग्राहकांच्या बाजारात त्याच्याविषयीचा पहिला प्रश्न 'वाजतो कसा?' हा नसून '1965 पूर्वीचा की नंतरचा?' हा असतो. पूर्वीचा असेल तर तो 'विंटेज', म्हणजे पूज्य. नंतरचा असेल तर त्याच्याकडे पाहण्याची नजरच बदलते. 'विंटेज' हा शब्द मुळात द्राक्षांच्या हंगामाचा. मद्याचे साल सांगण्यामागे त्या वर्षीचे ऊन-पाऊस तरी असतात. कारखान्यात तयार झालेल्या लाकडी फळीच्या बाबतीत त्या शब्दामागे काय आहे, हे तपासायला हवे.

आधी थोडा इतिहास. कॅलिफोर्नियातील फुलर्टन या गावी लिओ फेंडर (1909–1991) यांचे रेडिओदुरुस्तीचे दुकान होते. या गृहस्थांना गिटार वाजवता येत नसे. वाद्यवृंदात खर्जाची बाजू सांभाळणारा डबल बेस माणसाएवढा उंच. प्रवासात त्याची अडचण, पितळी वाद्ये आणि ड्रम यांच्या गजरात त्याचा आवाज लोपलेला, आणि पडदे नसल्यामुळे स्वर नेमका लावण्यासाठी वर्षानुवर्षांची तालीम आवश्यक. या तिन्ही अडचणींवर फेंडर यांनी 1951 मध्ये एक उपाय बाजारात आणला. भरीव लाकडाचे अंग, त्याला चार स्क्रूंनी जोडलेली मेपलची मान, वीस पडदे, चार तारा, आणि तारांचे कंपन विजेत रूपांतरित करणारा चुंबक व तारेचे वेटोळे, म्हणजेच पिकअप. डबल बेसच्या तारेची कंपन पावणारी लांबी साधारण 42 इंच असते. इथे ती 34 इंचांवर आली. पडद्यांमुळे बोट थोडे मागेपुढे पडले तरी स्वर नेमका येई, म्हणून नाव 'प्रिसिजन', अर्थात अचूक. पुढच्याच वर्षी त्याच्या जोडीला 'बेसमन' हा ध्वनिवर्धक आला. वाद्य इतके रुळले की पुढे कित्येक वर्षे विजेच्या कोणत्याही बेसला सर्रास 'फेंडर बेस' म्हटले जाई.

इथे पहिला दगड पूजकांच्या देव्हाऱ्यावर पडतो. ही कल्पना मूळची फेंडर यांची नव्हतीच. सिएटलच्या पॉल टुटमार्क यांनी सुमारे 1936 मध्ये 'ऑडिओव्हॉक्स' या नावाने पडदे असलेला, आडवा धरून वाजवायचा विजेचा बेस विकायला काढला होता. तो चालला नाही, म्हणून इतिहासातून गळला. म्हणजे ज्याला आपण 'उगम' म्हणतो, तो पुष्कळदा यशस्वी झालेल्या दुसऱ्या प्रयत्नाचे नाव असते. वाङ्मयेतिहास शिकवणाऱ्यांना हे नव्याने सांगायला नको.

दुसरा दगड 'मूळ रूप' या कल्पनेवर. 1965 पूर्वीचा प्रिसिजन बेस म्हणजे नेमका कोणता? 1951 च्या वाद्याचे अंग सपाट, कडा जवळजवळ चौकोनी. 1954 मध्ये 'स्ट्रॅटोकास्टर' गिटारच्या धर्तीवर अंगाला बाक देण्यात आला, जेणेकरून ते छातीला आणि हाताला रुतू नये. 1957 मध्ये तर कायापालटच झाला. खुंट्यांचे शीर्ष मोठे झाले, तारा अंगातून आरपार न ओवता थेट घोडीला अडकवल्या जाऊ लागल्या, आणि एका वेटोळ्याच्या पिकअपच्या जागी दोन तुकड्यांचा पिकअप आला. यातले प्रत्येक वेटोळे दोन-दोन तारा सांभाळते. दोघांचे चुंबकीय ध्रुव आणि वेढ्यांची दिशा परस्परविरुद्ध असल्यामुळे विजेच्या प्रवाहाची घरघर आपोआप कटते आणि तारांचा आवाज तेवढा शिल्लक राहतो. 1959 मध्ये मेपलच्या मानेवर रोझवूडची पट्टी चढली. आठ वर्षांत एवढे पाठभेद! ज्याला पूजक 'मूळ संहिता' समजतात ती एका अस्वस्थ कारागिराची सतत सुधारून काढलेली आवृत्ती आहे. निर्मात्यालाच आपले पहिले रूप पवित्र वाटत नव्हते. ते पावित्र्य नंतरच्या भक्तांनी बहाल केले.

मग 1965 चे काय? त्या वर्षी जानेवारीत फेंडर यांनी आपली कंपनी सीबीएस या प्रसारणक्षेत्रातील बड्या कंपनीला 1 कोटी 30 लाख डॉलरना विकली. भक्तांच्या पुराणात हाच तो स्वर्गातून पतनाचा क्षण. सीबीएसच्या काळात कारागिरी ढिली झाली, रंगाचे थर जाड झाले, काही वाद्ये विनाकारण जड निघाली, हे आम्हांला मान्य आहे. अखेर 1985 मध्ये बिल शुल्ट्झ यांच्या पुढाकाराने तिथल्याच मंडळींनी कंपनी विकत घेतली, यामागे ही घसरणही होती. परंतु घसरण संथ होती आणि असमान होती. जानेवारीतल्या एका सहीने कारखान्यातल्या माणसांचे हात बदलत नाहीत. शिवाय गंमत अशी की, 1951 चे टाकून दिलेले रूप 1968 मध्ये 'टेलिकास्टर बेस' या नावाने पुन्हा बाजारात आणले ते याच पतित सीबीएसने! गतकाळ विकता येतो हा शोधही पतनोत्तर काळातलाच.

तिसरा मुद्दा साहित्याच्या अभ्यासकांच्या जिव्हाळ्याचा: निर्मात्याचा हेतू. फेंडर यांची कल्पना अशी होती की वादक अंगठ्याने तार छेडेल. म्हणून उरलेली बोटे टेकवण्यासाठी त्यांनी सर्वांत बारीक तारेच्या बाजूला एक लाकडी आधार बसवला. वादकांनी तो दुर्लक्षिला आणि ते दुसऱ्या बाजूने, बोटांनी वाजवू लागले. शेवटी 1970 च्या दशकात कंपनीनेच तो आधार उचलून जाड तारेच्या बाजूला नेला. वाचकांनी लेखकाला आपली संहिता दुरुस्त करायला लावल्याचे याहून सुंदर उदाहरण आम्हांला माहीत नाही. पुढे लॅरी ग्रॅहम यांनी अंगठ्याने तारेवर प्रहार करून बेसला तालवाद्य बनवले. जॅको पास्टोरियस यांनी तर 1976 च्या आपल्या पहिल्या स्वतंत्र ध्वनिमुद्रिकेत पडदे काढून टाकलेल्या, 1962 च्या 'जॅझ बेस'वर असे काही वाजवले की वाद्याचा इतिहासच वळला. ज्या पडद्यांमुळे या घराण्यातल्या पहिल्या वाद्याला 'अचूक' हे नाव मिळाले, तेच इथे अडथळा ठरले. आजच्या संग्राहकाच्या हिशेबाने मात्र पडदे उपटलेले वाद्य म्हणजे 'नासवलेले' वाद्य.

आणि आता जेम्स जेमरसन. डेट्रॉइटच्या मोटाउन कंपनीच्या असंख्य गाण्यांचा खर्ज या एका माणसाने वाजवला. तो मुळात डबल बेसचा वादक. प्रिसिजन बेस हाती आल्यावरही प्रामुख्याने एकाच तर्जनीने वाजवत राहिला. इतरांनी काढून फेकलेली घोडीवरची झाकणी आणि तिच्याखालची तारा दाबणारी स्पंजाची पट्टी त्याने तशीच ठेवली. तारा तुटल्याखेरीज बदलण्याच्या भानगडीत तो पडत नसे. त्याचा गाजलेला बेस 1962 चा. पूजक हे साल मंत्रासारखे उच्चारतात. पण साधा प्रश्न असा की, जेमरसनसाठी ते वाद्य 'विंटेज' होते काय? नव्हते. ते दुकानात मिळणारे, कारखान्यात घडलेले चालू काळातले वाद्य होते. ज्या काळाला आपण सुवर्णकाळ म्हणतो, त्या काळातली माणसे नव्या वस्तू वापरत होती. त्यांचे अनुकरण करायचे तर त्यांच्या वस्तू जमवून भागणार नाही; त्यांनी आपल्या वर्तमानाशी जो व्यवहार केला, तो करावा लागेल.

या जेमरसनचे नाव वर्षानुवर्षे ध्वनिमुद्रिकांच्या वेष्टनावर छापले गेले नाही. मोटाउनच्या प्रमुख ध्वनिमुद्रिकेवर ते ठळकपणे आले ते 1971 मध्ये, मार्विन गे यांच्या 'व्हॉट्स गोइंग ऑन'वर. मुंबईच्या चित्रपटसंगीतातही राहुलदेव बर्मन यांच्या वाद्यवृंदात बेस वाजवणाऱ्या टोनी वाझ यांच्यासारख्यांची नावे सामान्य श्रोत्यापर्यंत पोहोचली ती फार उशिरा. सालाच्या पूजेचा खरा अपराध इथे आहे. ती वस्तूला चरित्र देते आणि माणसाचे चरित्र पुसते. कारखान्यात मानेला आकार देणारे तादेओ गोमेझ किंवा 1956 पासून 2013 पर्यंत पिकअपची वेटोळी गुंडाळणाऱ्या अबिगेल इबारा यांची आठवण बाजाराला होते, ती त्यांच्या आद्याक्षरांनी किंमत वाढते म्हणून. याच्या पुढची पायरी 1990 च्या दशकात कंपनीने गाठली: नव्या कोऱ्या वाद्याचा रंग खरवडून, धातूला गंज चढवून ते जुने भासवायचे आणि चढ्या दराने विकायचे. झीज हा श्रमाचा पुरावा असतो. इथे श्रम वगळून पुरावा तेवढा विकला जातो.

यावर एक आक्षेप संभवतो. जुने, वाळलेले लाकूड, पातळ झालेले लॅकर, शेकडो रात्री वाजून गुळगुळीत झालेली मान यांचा स्पर्श वेगळाच असतो, असे जाणकार सांगतात. असेलही. जतनालाही आमचा विरोध नाही. 1951 चा बेस संग्रहालयात असावाच. आमचा विरोध आहे तो ऐकण्याआधी निकाल देण्याला. ज्याला फरक ऐकू येतो त्याने डोळे मिटून तो सांगावा. मागच्या पाटीवरचे साल वाचून सांगू नये.

आता आपल्या घराकडे वळू. 'साठोत्तरी', 'नव्वदोत्तरी' ही कालनिदर्शक विशेषणे वर्गात शिकवता शिकवता गुणनिदर्शक कधी झाली? विद्यार्थी कवितासंग्रह उघडण्यापूर्वी प्रकाशनवर्ष पाहतो आणि त्यावरून आपले मत बेततो. प्रबंधांत 'सुवर्णकाळ' हा शब्द निष्कर्ष म्हणून नव्हे, गृहीतक म्हणून येतो. हा दोष विद्यार्थ्यांचा नव्हे. अमुक सालानंतर मराठीत काही घडले नाही, हे वाक्य त्यांनी आपल्याच तोंडून ऐकलेले असते. ते वाक्य उच्चारणाऱ्याला नंतरचे काही वाचावे लागत नाही, हीच त्याची मुख्य सोय. आज वर्गाच्या शेवटच्या बाकावर एखादी मुलगी तिच्या काळातल्या साध्या, स्वस्त साधनाने काही लिहीत असेल, तर ते आपल्याला वाचता यायला हवे; आणि तिचे नाव छापले जाईल याची तजवीज ती हयात असतानाच व्हायला हवी.