प्रत्यार्पणाला मनाई, हद्दपारीला मोकळीक

डिसेंबर २०२२ च्या प्रारंभी स्वीडनमधून एका कुर्द आश्रयार्थीची इस्तंबूलला रवानगी करण्यात आली. विमानातून उतरताच तुर्की पोलिसांनी त्याला ताब्यात घेतले आणि तेथून त्याला तुरुंगात नेण्यात आले. कुर्दिस्तान वर्कर्स पार्टी अर्थात पीकेकेचा सदस्य असल्याच्या आरोपावरून तुर्की न्यायालयाने त्याला ६ वर्षे १० महिन्यांची शिक्षा सुनावली होती. २०१५ मध्ये त्याने स्वीडन गाठले आणि आश्रय मागितला; तो नाकारला गेला. सात वर्षांची त्याची धडपड अशा रीतीने व्यर्थ ठरली. त्याच महिन्याच्या १९ तारखेला मात्र स्वीडनच्या सर्वोच्च न्यायालयाने तुर्की पत्रकार ब्युलेंत केनेश यांचे प्रत्यार्पण रोखले. देश तोच, मागणी करणारे सरकारही तेच. मग निकाल परस्परविरुद्ध कसे?

या प्रश्नामागे नाटोची पार्श्वभूमी आहे. रशियाने युक्रेनवर आक्रमण केल्यानंतर मे २०२२ मध्ये स्वीडन आणि फिनलंडने नाटोच्या सदस्यत्वासाठी अर्ज केला. नव्या सदस्याला प्रवेश देण्यासाठी सर्व सदस्यांची संमती लागते. नेमका हाच अधिकार वापरून तुर्कस्तानचे अध्यक्ष एर्दोगन यांनी वाट अडवली. स्वीडन कुर्द दहशतवाद्यांना थारा देतो, असा त्यांचा आक्षेप होता. २८ जून रोजी माद्रिद येथे तिन्ही देशांत समझोता झाला. तुर्कस्तानच्या हद्दपारीच्या व प्रत्यार्पणाच्या प्रलंबित विनंत्या त्वरेने हाताळण्याचे आश्वासन त्यात होते.

या समझोत्यात शेजारी शेजारी बसलेले हे दोन शब्द कायद्याच्या दृष्टीने भिन्न आहेत. प्रत्यार्पण म्हणजे दुसऱ्या देशाच्या मागणीवरून आरोपीला किंवा गुन्हेगाराला त्याच्या हवाली करणे. स्वीडनमध्ये असे प्रकरण वादग्रस्त ठरल्यास ते सर्वोच्च न्यायालयापुढे जाते आणि न्यायालयाने प्रतिकूल मत दिल्यास सरकारचे हात बांधले जातात. केनेश यांना निर्वासिताचा दर्जा मिळालेला होता आणि त्यांच्यावरील आरोपांना राजकीय रंग होता. न्यायालयाने या दोन्ही बाबी विचारात घेतल्या. हद्दपारीची वाट निराळी आहे. तेथे प्रथम स्थलांतर विभाग आणि नंतर स्थलांतर न्यायालये निर्णय देतात. परकी सरकारची मागणी कागदावर नसतेच. आश्रयाचा अर्ज फेटाळला की माणूस केवळ बेकायदा रहिवासी ठरतो. वाटा दोन असल्या तरी त्यांच्या शेवटी असलेला तुरुंग एकच असू शकतो.

हद्दपारीचा निर्णय स्थलांतर यंत्रणेचा असून त्याचा नाटोशी संबंध नाही, असे स्वीडनच्या सरकारने सांगितले. ते खोटे मानण्यास पुरावा नाही. पीकेके युरोपीय संघाच्या दहशतवादी संघटनांच्या यादीत आहे आणि सुरक्षेचा विचार करणे हे प्रत्येक सरकारचे कर्तव्यच आहे. परंतु वाटाघाटी चालू असताना अशी रवानगी झाली की स्वतंत्र निर्णयावरही सौद्याची सावली पडते.

दबावापुढे न्यायसंस्था ठाम राहू शकते, याचे उदाहरण नेदरलँड्सने घालून दिले आहे. पीकेकेच्या नेत्या नुरिये केसबीर यांनी २००१ मध्ये तेथे आश्रय मागितला. तुर्कस्तानने त्यांचे प्रत्यार्पण मागितले आणि २००४ मध्ये डच सरकार राजीही झाले. त्यांना छळले जाणार नाही, अशी हमी तुर्कस्तानने दिली होती. ही हमी पुरेशी नाही, असे ठरवून न्यायालयांनी प्रत्यार्पण रोखले आणि २००६ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केले.

या विचाराचा पाया ज्या निकालाने पक्का केला, त्याचा संबंध भारताशी आहे. शीख फुटीरतावादी करमजितसिंग चहल यांना ब्रिटन राष्ट्रीय सुरक्षेच्या कारणावरून भारतात पाठवू पाहत होते. युरोपीय मानवाधिकार न्यायालयाने १९९६ मध्ये त्याला मनाई केली. १९५१ च्या निर्वासितविषयक करारात सुरक्षेला धोका ठरणाऱ्यांचा अपवाद आहे. पण छळापासूनचे संरक्षण निरपवाद आहे, मग ती व्यक्ती कितीही अप्रिय असो, असे या न्यायालयाने बजावले.

हे तत्त्व प्रत्यार्पणाइतकेच हद्दपारीलाही लागू होते. चहल यांचे प्रकरण हद्दपारीचेच होते. म्हणून ज्याच्यावर मायदेशात राजकीय स्वरूपाचा खटला चालला आहे, त्याचा आश्रयाचा अर्ज फेटाळताना प्रत्यार्पणाच्या प्रकरणाइतकीच कसून तपासणी व्हायला हवी. अखेर ७ मार्च २०२४ रोजी स्वीडन नाटोचा सदस्य झाला. राष्ट्रांचे असे सौदे पूर्ण होतात आणि विस्मृतीतही जातात. परत पाठविलेल्या माणसाला मात्र त्यांची किंमत तुरुंगातल्या वर्षांनी मोजावी लागते.