तालमीची प्रत कुठे गेली?

सप्टेंबर २०२२मध्ये पुण्यात पुरुषोत्तम करंडकाची अंतिम फेरी झाली आणि परीक्षकांनी करंडक कोणालाच दिला नाही. महाराष्ट्रीय कलोपासकने १९६३ साली सुरू केलेल्या या आंतरमहाविद्यालयीन एकांकिका स्पर्धेत असे पूर्वी झाले नव्हते. त्यावर पुष्कळ वाद झाला. मुले वाचत नाहीत, मालिका बघून नाटक शिकतात, असे एका बाजूचे म्हणणे होते. परीक्षकांनी फार ताणून धरले, असे दुसऱ्या बाजूचे. या वादात एक साधी गोष्ट बाजूला राहिली. मार्च २०२०मध्ये कोरोनामुळे महाविद्यालये बंद झाली आणि पुढची दीड-दोन वर्षे नीट उघडलीच नाहीत. २०१९ साली पदवीच्या पहिल्या वर्षाला आलेला मुलगा २०२२मध्ये बाहेर पडला, तोवर त्याच्या वाट्याला पुरता असा एकच तालमीचा मोसम आला होता. त्या निकालाचे कारण एवढेच, असे सिद्ध करता येणार नाही. पण महाविद्यालयीन नाट्यमंडळ कशावर उभे असते, हे त्या काळाने उघडे केले. ते सीनिअरच्या आठवणीवर उभे असते. आठवण बाळगणारी बॅच निघून गेली, की मंडळाकडे उरतो कपाटातला करंडक आणि ‘अरे आव्वाज कुणाचा’ ही आरोळी.

आठवण किती टिकते, यावर मंडळाचा कस किती अवलंबून असतो, हे पुण्याच्याच इतिहासात दिसते. डॉ. श्रीराम लागू, डॉ. जब्बार पटेल आणि डॉ. मोहन आगाशे हे तिघेही बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयाचे विद्यार्थी. लागू आधीच्या पिढीचे. भालबा केळकरांच्या सोबतीने प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन (पीडीए) ही नाट्यसंस्था उभी करणाऱ्यांपैकी. त्याच पीडीएने १६ डिसेंबर १९७२ रोजी ‘घाशीराम कोतवाल’चा पहिला प्रयोग केला, तेव्हा दिग्दर्शक होते पटेल आणि नाना फडणवीस होते आगाशे. एकोणीस प्रयोगांनंतर पीडीएने ते नाटक थांबवले आणि त्यावरून झालेल्या वादातून १९७३ साली थिएटर अकॅडमी निघाली. एका वैद्यकीय महाविद्यालयातून नाटकाची एवढी माणसे का यावीत? प्रतिभेचा हिशेब कुणाला मांडता येत नाही. पण डॉक्टर होणारा विद्यार्थी एकाच आवारात पाच-सहा वर्षे राहतो, पुढे शिकला तर आणखी काही वर्षे. नव्या मुलाला चूक दाखवायला जुना मुलगा तिथे हजर असतो. करंडकांच्या निकालांत अभियांत्रिकी महाविद्यालयांची नावे वारंवार दिसतात, त्यामागेही चार वर्षांच्या मुक्कामाचा वाटा असावा, असे मला वाटते. तीन वर्षांच्या पदवीत पहिले वर्ष सतरंज्या उचलण्यात जाते, दुसऱ्या वर्षी भूमिका मिळते आणि तिसऱ्या वर्षी दिग्दर्शन करता करता परीक्षा डोक्यावर येते. शिकवायला वर्षच उरत नाही.

म्हणून माझी मागणी आहे ती नोंदीची. प्रत्येक नाट्यमंडळाने आपल्या प्रत्येक एकांकिकेची तालमीची प्रत जपली पाहिजे आणि ती जपणे ही महाविद्यालयाच्या ग्रंथालयाची जबाबदारी मानली गेली पाहिजे. तालमीची प्रत म्हणजे टाइप केलेली संहिता नव्हे. संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे जातेच, स्पर्धेच्या आयोजकांकडेही जाते. तालमीची प्रत म्हणजे कोपरे दुमडलेली, स्टेपलची पिन निघालेली ती झेरॉक्स. तिच्या समासात पेन्सिलीने लिहिलेले असते की इथे डिमर हळू, इथे संगीत दाराच्या आवाजानंतर, इथे ती उजव्या विंगेतून नको, डावीकडून. एक अख्खे पान आडव्या रेघेने कापलेले असते आणि शेवट तीनदा बदललेला असतो. एकांकिका कशी घडली, हे त्या रेघांवरून कळते. अंतिम फेरीच्या दुसऱ्या दिवशी ती कुणाच्या तरी सॅकमध्ये जाते, तिथून माळ्यावर आणि शेवटी रद्दीत.

महाविद्यालये कागद ठेवतच नाहीत, असे नाही. नॅकच्या अहवालासाठी सांस्कृतिक स्पर्धांत किती बक्षिसे मिळाली, किती कार्यक्रम झाले, याची संख्या द्यावी लागते. त्यामुळे प्रमाणपत्रांची फाइल जय्यत तयार असते. म्हणजे बक्षीस नोंदले जाते आणि ज्याला ते मिळाले ते नाटक नोंदले जात नाही. वाचकांनी आपापल्या महाविद्यालयाच्या ग्रंथालयात जाऊन वीस वर्षांपूर्वीच्या एकांकिकेची प्रत मागून पाहावी. सतीश आळेकरांची ‘झुलता पूल’ आज वाचता येते, कारण ती पुस्तकात आली. ज्यांची पुस्तके झाली नाहीत त्यांचे काय? आणि जे लेखक किंवा नट नव्हतेच, दोन मिनिटांत घर उभे राहील असे नेपथ्य ज्यांनी प्लायवूड आणि बिजागऱ्यांतून जमवले, त्यांच्या युक्त्या तर दर तीन वर्षांनी नव्याने शोधल्या जातात.

यावर पहिला आक्षेप ठरलेला आहे: नाटक क्षणाचे असते, पडदा पडला की संपले, ते फायलीत कशाला कोंबायचे? प्रयोग संपतो, हे खरेच. पण प्रयोगामागची कारागिरी संपावी, असे त्यातून निघत नाही. मैफल संपते, तरी बंदिशी वहीत उतरवल्या गेल्याच. दुसरा आक्षेप आजचा आहे. आता सगळे मोबाइलवर असते, मग वेगळी नोंद कशाला? शेवटच्या रांगेतून केलेल्या चित्रीकरणात काय झाले ते दिसते. काय टाकून दिले आणि का, ते दिसत नाही. शिवाय ते चित्रीकरण ज्या ड्राइव्हवर असते, ती एका विद्यार्थ्याच्या खात्यावर असते आणि व्हॉट्सॲप ग्रुप स्पर्धेनंतर गप्प होतो. खाते भरले की सगळ्यात आधी जुने व्हिडिओ पुसले जातात.

तिसरा आक्षेप मात्र वजनदार आहे. जुन्याचे ओझे नव्यांच्या डोक्यावर कशाला? आमच्या कॉलेजचे नाटक असेच असते, असा साचा त्यातून पडेल, ही भीती खोटी नाही. पण साचे आज पडत नाहीत का? मागच्या वर्षी जे जिंकले त्याचा वास यंदाच्या पाच एकांकिकांना येतो, ही तक्रार प्राथमिक फेऱ्या पाहणारे नेहमी करतात. ज्या मुलीला फक्त गेल्या वर्षीचा करंडक माहीत आहे, ती गेल्या वर्षीचीच नक्कल करणार. तिच्यासमोर चाळीस वर्षांच्या चाळीस प्रती ठेवल्या, त्यांतल्या फसलेल्याही ठेवल्या, तर कुणाची नक्कल करावी हेच तिला कळणार नाही आणि स्वतःचे काही शोधण्यावाचून गत्यंतर उरणार नाही. लेखकाच्या हक्काचा प्रश्न राहतो. पुढे दोन अंकी करायच्या विषयाची प्रत लेखकाला उघडी ठेवायची नसेल, तर त्याच्या लेखी परवानगीशिवाय ती कुणाला देऊ नये. ग्रंथालयांना असे व्यवहार नवे नाहीत.

खर्च म्हणाल तर एक कप्पा, एक नोंदवही आणि नाटकाची आवड असलेला एक प्राध्यापक. एकांकिका पूर्ण तासाचीही नसते. तिची प्रत, नेपथ्याचा आराखडा, प्रकाशयोजनेचा तक्ता आणि बॅकस्टेजसह सगळ्यांची नावे एका जाड लिफाफ्यात मावतात. जूनमध्ये नव्या मुलांची निवड सुरू होते आणि ऑगस्टमध्ये प्राथमिक फेऱ्या लागतात. मधल्या दोन महिन्यांत तालमीच्या खोलीत पहिल्या दिवशी मुले गोल करून बसतील, तेव्हा त्या गोलाच्या मध्ये गेल्या वर्षीचा लिफाफा ठेवलेला असावा आणि यंदाचा रिकामा लिफाफा त्याच दिवशी कुणाच्या तरी नावावर लिहून दिलेला असावा.