यशाचें माप

वार्षिक बक्षिससमारंभ आटोपला म्हणजे शाळेस चषक किती आले तें आपण मोजतों, आणि ज्यांच्या हातीं चषक आला नाहीं त्यांस विसरतों. ही रीत मला योग्य वाटत नाहीं. कां, तें आपल्या शेजारच्या खडकींतील एका हॉकीपटूच्या चरित्रावरून सांगतों.

धनराज पिल्ले यांचा जन्म १९६८ सालीं खडकीस एका तामिळ कुटुंबांत झाला. वडील तेथील दारुगोळा कारखान्याच्या मैदानाची निगा राखीत. घरची स्थिति बेताची. भावंडांबरोबर त्याच मातीवर, मोडक्या काठ्या व टाकून दिलेले चेंडू घेऊन हा मुलगा खेळला. आणि पुढें १९९२ पासून २००४ पर्यंत लागोपाठ चार ऑलिंपिक स्पर्धांत भारताच्या वतीनें उतरला.

ह्या चारहि वेळां भारताचा क्रमांक सातवा किंवा आठवा लागला. २००० सालीं सिडनी येथें पोलंडविरुद्धचा सामना जिंकतां उपांत्य फेरी गांठतां आली असती. भारत एका गोलानें पुढें होता; शेवटचीं दोन मिनिटेंहि उरलीं नव्हतीं; इतक्यांत पोलंडनें बरोबरी साधली आणि दार मिटलें. केवळ पदकेंच मोजावयाचीं तर ह्या बारा वर्षांच्या ऑलिंपिक श्रमांपुढें शून्य मांडावें लागेल. पण असें म्हणण्यास कोण धजेल?

मला पदकाहून मोलाची वाटते ती त्यांची १९९८ नंतरची वर्तणूक. त्या वर्षीं बँकॉक येथील आशियाई क्रीडास्पर्धेंत त्यांच्या नेतृत्वाखालीं भारतानें बत्तीस वर्षांनीं हॉकीचें सुवर्णपदक मिळविलें. खेळाडूंस पुरेसा भत्ता मिळत नाहीं, असें ते उघड बोलले होते. विजयानंतर लौकरच विश्रांतीच्या नांवाखालीं त्यांस व कांहीं सहकाऱ्यांस संघांतून वगळण्यांत आलें. तरी त्यांनीं काठी खालीं ठेवली नाहीं. २००३ सालीं क्वालालंपूर येथें त्यांच्याच नेतृत्वाखालीं भारतानें आशिया चषक प्रथमच जिंकला.

पालक विचारतील, "मास्तर, खेळानें पोट भरतें काय?" शंका रास्त आहे. बहुतेकांचें भरत नाहीं. म्हणून पुस्तक टाकून मैदान धरा, असें मी कोणासहि सांगणार नाहीं. परंतु परीक्षेंतहि पहिला नंबर एकाचाच येतो. मग उरलेल्या वर्गाचें वर्ष फुकट गेलें काय? जो मुलगा प्रामाणिकपणें झटूनहि मागें राहिला, त्यास घरीं टोमणे ऐकावे लागूं नयेत, एवढेंच माझें मागणें आहे.

प्रेषित पौलानें ख्रिस्ती जीवितास शर्यतीची उपमा दिली. आयुष्याच्या अखेरीस त्यानें समाधान मानलें तें आपण धांव पुरी केली ह्याचें. किती जणांस मागें टाकलें, ह्याचा हिशेब त्यानें दिला नाहीं. विद्यार्थिमित्रहो, येत्या वर्षीं तुम्ही मैदानावर असा वा वर्गांत असा, आम्हीं शिक्षकांनीं आणि तुमच्या आईबापांनीं तुम्हांस प्रथम हेंच विचारावें कीं, बाळांनो, धांव पुरी केलीत ना?