पुकारा झाला, पक्षकार गैरहजर, दावा खारीज!

परभणी (प्रतिनिधी) : न्यायालयात पुकारा होतो, वादी वा त्याचे वकील हजर नसतात आणि वर्षानुवर्षे चाललेला दावा दोन ओळींच्या आदेशाने खारीज होतो. वकिलांच्या बोलीत हा दावा 'डिफॉल्टमध्ये गेला'. दप्तरी एक प्रकरण निकाली निघते. मूळ वाद मात्र होता तेथेच राहतो.

कायद्याने न्यायालयाला हा अधिकार दिला आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ९ नुसार वादी गैरहजर आणि प्रतिवादी दावा अमान्य करून हजर असेल, तर दावा खारीज होतो व त्याच कारणासाठी पुन्हा दावा लावता येत नाही. प्रतिवादीला अनंत काळ तारखांना खेचता येऊ नये, हा त्यामागील हेतू रास्तच आहे. गैरहजेरीचे पुरेसे कारण दाखवून ३० दिवसांत दावा पुनर्स्थापित करण्याचा अर्ज करता येतो.

प्रश्न आहे तो हे ३० दिवस पक्षकाराला कळण्याचा. गंगाखेड, पालम, सोनपेठ भागातील अनेक कुटुंबे दिवाळीनंतर ऊसतोडीला जातात, ती उन्हाळ्याच्या तोंडावर परततात. तोवर मुदत उलटलेली असते. मग पुनर्स्थापनेबरोबरच विलंब माफीचाही अर्ज करावा लागतो. म्हणजे नवा खर्च, नव्या तारखा. वकील गैरहजर राहिल्याची शिक्षा निर्दोष पक्षकाराला होऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने रफीक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात १९८१ मध्येच स्पष्ट केले होते. परंतु त्याचा लाभ मिळण्यासाठी आधी न्यायालयाच्या पायरीपर्यंत यावे लागते.

जमिनीच्या मावेजाची बाब याहून वेगळी आहे. १८९४ च्या भूसंपादन कायद्यातील कलम १८ खालील वाढीव मावेजाचे प्रकरण दावेदाराच्या गैरहजेरीमुळे खारीज करता येत नाही, न्यायालयाला निवाडाच द्यावा लागतो, असा निर्णय खजानसिंग विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात २००२ मध्ये झाला. जायकवाडीचा डावा कालवा, निम्न दुधना अशा प्रकल्पांत जमिनी गेलेल्या परभणी जिल्ह्यात हा निर्णय प्रत्येक खातेदाराला ठाऊक असायला हवा.

ई-कोर्ट सेवेमुळे १६ अंकी सीएनआर क्रमांकावरून प्रकरणाची पुढील तारीख मोबाईलवर पाहता येते. हा क्रमांक वकिलाच्या फाईलमध्येच राहिला, तर सोयीचा उपयोग काय? तो पक्षकाराच्या हाती असणे आणि महिला, अनुसूचित जाती-जमातींसह पात्र घटकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे मोफत साहाय्य वेळीच घेणे, हे तातडीचे उपाय होत. न्यायालयांनीही खारीज आदेशापूर्वी पक्षकाराला थेट सूचना पाठविण्याचा विचार करावा. निकाली प्रकरणांचा आकडा वाढला म्हणजे न्याय झाला, असे होत नाही.