वाढीला वाट कोण काढून देणार?

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या चौथ्या आणि पाचव्या फेरीतले महाराष्ट्राचे आकडे शेजारी ठेवले, तर कोड्यात पडायला होते. 2015-16 मध्ये राज्यातली पाच वर्षांखालील 34.4 टक्के मुले वयाच्या मानाने खुजी होती. पुढच्या फेरीत हे प्रमाण 35.2 टक्के निघाले. ही पाहणी राज्यात 2019 मध्ये, कोरोनाच्या आधीच झाली, त्यामुळे महामारीवर खापर फोडता येत नाही. याच दोन फेऱ्यांची माहिती घेऊन नीती आयोगाने बहुआयामी गरिबी, म्हणजे आरोग्य, शिक्षण आणि राहणीमान यांतली वंचितता, मोजली, तेव्हा राज्यातले गरिबांचे प्रमाण सुमारे 15 टक्क्यांवरून 8 टक्क्यांच्या खाली आलेले दिसले. देशातली सर्वांत मोठी अर्थव्यवस्था असलेल्या राज्यात गरिबी निम्म्यावर येते आणि मुलांची उंची मात्र वाढत नाही, हे कसे?

आर्थिक वाढ म्हणजे केवळ श्रीमंतांची चैन, असे उत्तर पटकन सुचते. ते खरे नाही. तेंडुलकर समितीच्या निकषाने 1993-94 मध्ये राज्यातले जवळपास 48 टक्के लोक दारिद्र्यरेषेखाली होते. 2004-05 मध्ये हे प्रमाण 38 टक्क्यांवर आले आणि पुढच्या सातच वर्षांत 17.4 टक्क्यांवर. अर्थव्यवस्था ज्या काळात सर्वाधिक वेगाने वाढली, त्याच काळात गरिबीही सर्वाधिक वेगाने घटली. बांधकामांवर माणसे लागली, शेतमजुरी वाढली, सरकारच्या तिजोरीत योजनांसाठी पैसा आला. ज्यांनी ही वर्षे खेड्यात काढली, त्यांना हा फरक कुणी सांगायला नको.

पण ही वाढ सगळीकडे सारखी पोचली नाही. 2011 च्या जनगणनेत राज्यातले निम्म्याहून अधिक कामकरी शेतकरी किंवा शेतमजूर होते, आणि राज्याच्या उत्पन्नात शेतीचा वाटा मात्र साधारण आठवा हिस्सा. बँका, सॉफ्टवेअर, वाहन उद्योग यांची भरभराट मुंबई-ठाणे-पुणे पट्ट्यात झाली. तिथे लागणारे शिक्षण नंदुरबार जिल्ह्यातल्या अक्कलकुव्याच्या किंवा धडगावच्या पाड्यावरच्या मुलापर्यंत पोचलेच नाही. या जिल्ह्यात 2015-16 मध्ये निम्म्याहून अधिक लोक बहुआयामी गरीब होते. नंतर सुधारणा झाली, तरी हे प्रमाण एक तृतीयांशाच्या आसपास राहिले. शौचालय, वीज, गॅसची शेगडी, बँकेतले खाते या गोष्टी सरकार देऊ शकले आणि दिल्या, म्हणून निर्देशांक सुधारला. गरोदर बाईची विश्रांती आणि वर्षाच्या मुलाच्या ताटातली डाळ-अंडी यांना रोजची मजुरी लागते, घराजवळ चालणारी अंगणवाडी लागते. तिथे गाडे अडले.

हा वाद आपल्याकडे नवा नाही. अर्थतज्ज्ञ वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांनी 1971 मध्ये भारतातल्या दारिद्र्याचा अभ्यास मांडला. विकासाची फळे वरच्या थरांनी घेतली आणि तळाच्या लोकांचा खप जेमतेम हलला, हे त्यांनी आकड्यांनिशी दाखवले. वाढ थांबवा, असे मात्र ते म्हणाले नाहीत. सधनांकडून पैसा उभारून गरिबाला काम द्या, असे त्यांचे म्हणणे होते. महाराष्ट्राने हीच वाट धरली. विधान परिषदेचे तेव्हाचे सभापती वि. स. पागे यांच्या आग्रहातून उभी राहिलेली रोजगार हमी योजना 1972 च्या दुष्काळात लाखोंचा आधार झाली आणि 1977 मध्ये तिचा कायदा झाला. शहरातल्या पगारदारांचा व्यवसाय कर आणि तेवढीच सरकारी भर, यांवर ती मुख्यतः चालली. मुंबईतल्या कमाईतून मराठवाड्यातल्या मजुराची मजुरी निघावी, अशी ती थेट सोय होती. हजेरीपटावर खोटी नावे लागली, मजुरी रखडली, पुष्कळ ठिकाणी नुसती खडी फुटली, हेही तितकेच खरे. तरीही मागेल त्याला काम हा हक्क देशाने 2005 मध्ये घेतला तो इथूनच.

आज त्या जागी थेट पैसा आला आहे. लाडकी बहीण योजनेत महिन्याला 1500 रुपये मिळतात, आणि सुरुवातीला वर्षाचा अंदाजित खर्च 46 हजार कोटींचा सांगितला गेला. आम्ही या योजनेला खिरापत म्हणणार नाही. स्वतःच्या नावावर पैसा असलेली बाई दवाखान्यात जायला कुणाच्या तोंडाकडे बघत नाही, ही मोठी गोष्ट आहे. पण एवढी रक्कम दरवर्षी खर्च होत असताना सिंचन, ग्रामीण रुग्णालये, अंगणवाड्या यांना काय उरते, हा अर्थतज्ज्ञांचा आक्षेपही झटकून टाकता येत नाही. पैसा हातात आला तरी बंद दवाखाना त्याने उघडत नाही. दोन्हींतले एकच निवडायची वेळ आली, तर आमचा कौल सेवांच्या बाजूने आहे.

सेवा गरजूंपर्यंत पोचतात की नाही, याची कसोटी ऊसतोड मजुरांवर लागते. 2021-22 च्या हंगामात महाराष्ट्राने सुमारे 137 लाख टन साखर काढून उत्तर प्रदेशाला मागे टाकले. तो ऊस तोडायला बीडचा कोयता पश्चिम महाराष्ट्रात गेला. नंदुरबारच्या टोळ्या तर गुजरातच्या कारखान्यांवर जातात. मुकादमाकडून उचल घेतलेले जोडपे चार-सहा महिने कोपीत राहते. मूल सोबत येते, अंगणवाडी गावात राहते. 2024 च्या जानेवारीत तोडणीच्या दरात 34 टक्के वाढ मिळाली, ती संघटना संपावर उतरल्यामुळे. साखरेच्या विक्रमाने ती आपोआप आणली नाही.

गोपीनाथ मुंडे ऊसतोड कामगार कल्याण महामंडळासाठी कारखान्यांनी टनामागे 10 रुपये आणि सरकारने तेवढेच द्यायचे ठरले आहे. रोजगार हमीचीच ही रीत. हा पैसा हंगाम सुरू होण्यापूर्वी वसूल व्हावा, प्रत्येक मजुराची नोंद व्हावी आणि कारखान्याच्या गाळप परवान्यासाठी मजुरांच्या तळावर चालू अंगणवाडी असणे ही अट घालावी. गाळपाचा परवाना दरवर्षी साखर आयुक्तच देतात. ही अट घालायला नवा कायदा होईपर्यंत थांबण्याचे कारण आम्हाला दिसत नाही.