आपल्या रुपयांचा कप, त्यांची मॅच आणि आपली पोरं

परवा रात्री पेपरचं काम आटोपलं आणि मोबाइलवर एक जुनी मॅच बघत बसलो. लंडनचं ट्विकनहॅम मैदान. ब्रिटनचं लष्कर विरुद्ध ब्रिटनचं नौदल. खेळ रग्बी. खेळणारे कोण? कोटींच्या बोलीवर विकले गेलेले स्टार नाहीत. नोकरीतले शिपाई, नाविक, मेकॅनिक. आणि बघायला माणसं किती? या सामन्याला काही वर्षी ऐंशी हजारांच्या वर गर्दी झालीय. आपल्या नंदुरबार शहराची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेत एक लाख अकरा हजार होती. म्हणजे जवळजवळ अख्खं नंदुरबार एका मैदानात बसवा, आणि ते शिपायांची मॅच बघायला!

आता तुम्ही म्हणाल, हे आम्हाला कशाला सांगतो? आपल्याकडं पाण्याची बोंब, रस्त्याची बोंब, आणि याला रग्बी सुचतंय.

थांबा जरा. पूर्ण वाचा, मग शिव्या घाला.

आधी खेळ काय ते सांगतो, कारण आपल्याकडं बऱ्याच जणांना रग्बी म्हणजे हाणामारी वाटते. एका बाजूला पंधरा खेळाडू, ऐंशी मिनिटं. चेंडू अंड्यासारखा. हातानं पास द्यायचा तो मागंच, पुढं फेकायचा नाही. पुढं जायचं तर चेंडू घेऊन पळायचं नाहीतर लाथेनं मारायचा. समोरच्या रेषेपलीकडं चेंडू टेकवला की 'ट्राय', पाच गुण. छोट्या प्रकारात सात-सात खेळाडू आणि सात-सात मिनिटांचे दोन डाव. तोच प्रकार २०१६ पासून ऑलिम्पिकमध्ये आहे. या खेळाची एक गोष्ट मला फार आवडते. यात जाडा लागतो, उंच लागतो, आणि बुटका चपळ पोरगाही लागतोच. एका मापाची माणसं घेऊन संघ होत नाही.

ब्रिटनमध्ये लष्कर-नौदल सामना पहिल्यांदा १८७८ मध्ये झाला. १९०७ पासून तो दरवर्षीचा झाला. हवाई दल जन्मलं १९१८ मध्ये आणि १९२० पासून तेही उतरलं. तिन्ही दलांची स्पर्धा शंभर वर्षांपासून सुरू आहे.

आणि यात आपण कुठं आहोत? गंमत ऐका. इंग्लंड आणि स्कॉटलंड दरवर्षी ज्या कपासाठी भांडतात त्याचं नाव 'कलकत्ता कप'. कलकत्त्यात गोऱ्यांनी १८७३ मध्ये रग्बीचा क्लब काढला. त्यात पलटणीतलेही खेळाडू होते. पलटण हलली, सभासद घटले, क्लब बुडाला. मग बँकेतले उरलेले चांदीचे रुपये वितळवून कप बनवला आणि इंग्लंडला पाठवून दिला. नागाच्या आकाराचे तीन कान, झाकणावर हत्ती. रुपया इथला, हत्ती इथला, नाग इथला. खेळाडू मात्र इथला एकही नाही.

दुसरी गोष्ट त्याहून कडू. पहिलं महायुद्ध संपल्यावर १९१९ मध्ये साम्राज्यातल्या सैन्यांची रग्बी स्पर्धा झाली, 'किंग्ज कप'. सहा संघ होते. ब्रिटन, न्यूझीलंड, ऑस्ट्रेलिया, दक्षिण आफ्रिका, कॅनडा आणि ब्रिटिश हवाई दल. न्यूझीलंड जिंकलं. त्याच युद्धात समुद्रापार गेलेले हिंदी शिपाई होते दहा लाखांहून जास्त. मरायला चालले, खेळायला नाही.

हे इंग्रजांचं झालं. इंग्रज गेला. आता आपलं बोलू.

आपल्या सेनेचं खेळातलं काम जबरदस्त आहे, हे आधी मान्य करतो. तिन्ही दलांचा मिळून 'सर्व्हिसेस' संघ राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेत उतरतो आणि मोठमोठ्या राज्यांना मागं टाकतो. २०२५ च्या उत्तराखंडच्या स्पर्धेत सर्व्हिसेस पहिलं, ६८ सुवर्ण. आपला महाराष्ट्र दुसरा, ५४ सुवर्ण. हे आकाशातून पडलेलं नाही. आठ ते चौदा वर्षांची पोरं निवडायची, केंद्रावर ठेवायची, खायला द्यायचं, शाळा शिकवायची आणि खेळ शिकवायचा, असा सेनेचा 'बॉइज स्पोर्ट्स कंपनी' नावाचा प्रकार आहे. पुण्यात आर्मी स्पोर्ट्स इन्स्टिट्यूट आहे. रग्बीतही लष्कराचे संघ देशातल्या मोठ्या स्पर्धांत खेळलेत, जिंकलेत.

मग माझा प्रश्न एवढाच आहे: या सगळ्यात माझ्या जिल्ह्यातलं पोरगं कुठंय?

जिल्ह्यात दर दहातले सात जण आदिवासी. भिल्ल, पावरा, कोकणा, मावची. दर २६ जानेवारीला आणि १५ ऑगस्टला स्टेजवरून एक वाक्य येतंच: 'आमचा आदिवासी बांधव जन्मतःच काटक!' समोर पोरं उन्हात उभी, भाषण करणारा मंडपात.

या वाक्याचा मला संताप येतो. अक्कलकुवा-धडगावच्या पाड्यांवर रस्ता नाही म्हणून पोरं बांबूच्या झोळीतून बाळंतीण खांद्यावर घेऊन डोंगर उतरतात. आपण फोटो छापतो आणि म्हणतो, काय काटक आहेत! अरे, हा काटकपणा नाही, ही आपली नालायकी आहे. तिला 'काटक' नाव दिलं की रस्ता न बांधणारा सुटतो, दवाखाना न चालवणारा सुटतो, आणि मीही बातमी देऊन सुटतो. काटक काटक म्हणून टाळ्या वाजवलेल्या याच जिल्ह्याचं नाव कुपोषणाच्या बातम्यांत सगळ्यात आधी येतं. पोटात काही नसताना शरीर काटक कसं होणार, हे त्या मंडपातल्याला कुणी विचारत नाही.

आता भरतीचं बघा. पहाटे पाचला शहादा रोडला जा, तळोदा रोडला जा. पोरं पळताना दिसतील. कुणाच्या पायात धड बूट नाहीत. सोळाशे मीटर साडेपाच मिनिटांत, दहा पुल-अप, नऊ फुटी खड्डा. या आकड्यांवर आमच्या पोरांचं आयुष्य टांगलेलं. गल्लीबोळात भरती अकॅडमीचे फ्लेक्स. बाप उसतोडीला गुजरातेत, आणि उचल घेतलेले पैसे अकॅडमीच्या फीत. एका पोराला विचारलं, आतापर्यंत किती गेले? म्हणे, 'भाऊ, इथं येऊन दोन वर्षं झाली. आता वय निघून चाललं.'

त्यात २०२२ मध्ये अग्निपथ आलं. चार वर्षं नोकरी, मग शंभरातले पंचवीसच कायम. २०२३ पासून तर आधी ऑनलाइन लेखी परीक्षा आणि मग मैदान. म्हणजे जे पोरगं पळण्यात पहिलं आलं असतं, ते कॉम्प्युटरसमोरच बाद. ज्या पाड्यावर मोबाइलची रेंज घ्यायला टेकडी चढावी लागते, तिथल्या पोराची ही परीक्षा!

खेळातून थेट हवालदार, नायब सुभेदार म्हणून जायचा रस्ता सेनेत आहे. पण त्यासाठी राष्ट्रीय, आंतरराष्ट्रीय पातळीची कामगिरी लागते. ती करायला मैदान लागतं, कोच लागतो, स्पर्धा लागते. आमच्याकडं काय आहे? आश्रमशाळांच्या स्पर्धा होतात, कबड्डी, खो-खो, धावणं. पोरं जिंकतात, प्रमाणपत्र घेतात, फोटो काढतात, आणि दहावीनंतर कपाशी वेचायला जातात. प्रमाणपत्र घरात पत्र्याच्या पेटीत.

आता फिजी नावाच्या देशाकडं बघा. लोकसंख्या नऊ लाखांच्या आसपास, म्हणजे आपल्या जिल्ह्याच्या निम्म्याहून थोडी जास्त. या एवढ्याशा देशानं रिओ आणि टोकियो, दोन्ही ऑलिम्पिकला रग्बीचं सुवर्ण नेलं. पॅरिसला रौप्य. १९६१ पासून फिजीचे लोक ब्रिटिश लष्करात जातात आणि तिथल्या संघात खेळतात. सेमेसा रोकोडुगुनी हा त्यातलाच. अफगाणिस्तानात ड्युटी केली, आणि २०१४ मध्ये थेट इंग्लंडच्या राष्ट्रीय संघात.

पण फिजीची दुसरी बाजूही सांगतो, नाहीतर मीही मंडपातला भाषणवाला होईन. ब्रिटनसाठी लढलेल्या फिजीच्या काही माजी सैनिकांना, नोकरी संपल्यावर त्या देशात राहायच्या हक्कासाठी कोर्टात जावं लागलं. खेळताना टाळ्या, गरज संपल्यावर 'कागद दाखव'. म्हणून खेळाच्या बदल्यात पोरांना काय मिळणार हे आधी लिहून घेतलं पाहिजे.

आपल्या देशातलंच उदाहरण हवं? ओडिशा. भुवनेश्वरच्या कलिंग इन्स्टिट्यूट ऑफ सोशल सायन्सेसमध्ये हजारो आदिवासी मुलं-मुली निवासी शिकतात. तिथं रग्बी रुजला. तिथली सुमित्रा नायक भारताकडून खेळली. २०१९ मध्ये भारतीय मुलींनी सिंगापूरला २१-१९ हरवलं, पंधराच्या प्रकारातला पहिला आंतरराष्ट्रीय विजय, आणि निर्णायक पेनल्टी तिची होती. त्या संस्थेवर टीका होते, मुलांना त्यांच्या भाषेपासून, गावापासून तोडतात म्हणून. टीका गंभीर आहे, दुर्लक्ष करू नका. पण आपल्या आश्रमशाळाही निवासीच आहेत. पोरं गावापासून तुटायची ती तुटलीच आहेत, बदल्यात मैदानही मिळालेलं नाही.

आता कमेंटमध्ये काय येणार ते मला माहीत आहे. आधीच उत्तर देतो.

'परदेशी खेळ कशाला, कबड्डी आहे ना!' कबड्डी राहू द्या की. क्रिकेट कुठल्या पाड्यावर जन्मला? ज्याला कबड्डीतला माणूस धरायला येतो, त्याला रग्बीचा टॅकल शिकायला वेळ लागत नाही. आणि रग्बीत देशात अजून गर्दी कमी आहे. क्रिकेटच्या रांगेत आमचं पोरगं लाखावा नंबर, इथं पहिल्या हजारात येऊ शकतं.

'डोक्याला मार लागतो.' खरंय. म्हणूनच प्रशिक्षित कोच हवा, आणि लहान मुलांना आधी धक्काबुक्की नसलेला टॅग रग्बी शिकवतात तसा शिकवावा. शिवाय आपल्या भागात सिकलसेल आहे. वाहक असलेल्या मुलानं खेळूच नये असं नाही, पण अति श्रम आणि पाणी कमी पडणं त्याला धोक्याचं ठरू शकतं. आज भरतीसाठी कडक उन्हात पळणाऱ्या किती पोरांना आपण वाहक आहोत का हे माहीत आहे? हा प्रश्न रग्बीच्या आधीचा आहे.

'सेनेत जात-जमात बघत नाहीत, सगळ्यांना दार उघडं.' कागदावर बरोबर. पण इतिहास बघा. १८२५ मध्ये इंग्रजानं आपल्याच खान्देशात भिल्ल कोअर उभी केली, कारण भिल्ल त्याला शरण येत नव्हता. त्याला भिल्लाची ताकद कळली होती. आणि खाज्या नाईकांनी १८५७ ला तीच ताकद त्याच्यावर उलटवली, १८५८ ला आंबापाणीला लढाई झाली. दोनशे वर्षांपूर्वी परक्या सरकारला आमच्या माणसाची किंमत कळली, आपल्या सरकारला कळायला अजून किती वर्षं?

तर मागण्या. भीक नाही, मागण्या.

१. नंदुरबार आणि तळोदा, दोन्ही आदिवासी प्रकल्प कार्यालयांनी मिळून दहा आश्रमशाळांत रग्बी सुरू करावा. मुलींचा संघ पहिल्या दिवसापासून. चेंडू आणि सपाट मैदान, याला काही कोटी लागत नाहीत.

२. बॉइज स्पोर्ट्स कंपनीची निवड चाचणी वर्षातून एकदा धडगावात किंवा अक्कलकुव्यात घ्यावी. आठ वर्षांच्या पोराला चांदसैली घाट उतरून पुण्याला बोलावू नका, तुम्ही घाट चढा.

३. खेळणाऱ्या प्रत्येक मुलाची सिकलसेल आणि हिमोग्लोबिन तपासणी आधी. आणि ताटात रोज अंडं किंवा डाळ, कागदावरची नाही, ताटातली.

४. तिन्ही दलांच्या रग्बी संघांनी वर्षातून एक सामना इथं खेळावा. प्रदर्शनी का होईना. सारंगखेड्याला घोडे बघायला लाखो लोक येतात, सैनिकांचा खेळ बघायला येणार नाहीत?

५. खेळून सेनेत गेलेल्या पोराची नोकरी पूर्ण नोकरी असावी. चार वर्षांची पाहुणचाराची नको.

आणि सहावी मागणी माझ्याच जातभाईंकडं, पत्रकारांकडं. इतक्या वर्षांत सेनादलांच्या आपसातल्या स्पर्धेची एक ओळही मी छापली नाही. शहीद झाल्यावर मात्र आठ कॉलम. शिपाई मेल्यावरच बातमी होतो, ही आपली सवय. ती मोडायची सुरुवात मी या पोस्टपासून करतोय.

त्या चांदीच्या कपात वितळलेले रुपये परत येणार नाहीत. पण उद्या पहाटे शहादा रोडवर जे पोरगं फाटक्या बुटात पळणार आहे, त्याचं वय अजून निघून गेलेलं नाही.

पटलं तर आपल्या आमदार-खासदाराला टॅग करा. नाही पटलं तर कमेंटमध्ये भांडा. पण 'काटक' हा शब्द आता माझ्यासमोर वापरू नका.