आधी श्वास, मग उपदेश

अफूच्या जातीचे मादक द्रव्य अति झाले की श्वास मंदावतो, थांबतो. वेळेवर नाकात नालोक्सोनचा फवारा मारला, तर माणूस बहुधा वाचतो. अमेरिकेतल्या छोट्या गावांत पुष्कळदा डॉक्टरच्या आधी पोलीसच पोहोचतो. क्विन्सीच्या पोलिसांनी २०१० साली हे औषध जवळ बाळगायला सुरुवात केली. ओहायोतल्या बटलर काउंटीच्या शेरीफांनी मात्र २०१७ साली ते आपल्या शिपायांना द्यायचे साफ नाकारले!

‘वाचवला तरी पुन्हा नशाच करणार,’ असे म्हणणारे सगळीकडे भेटतात. मी मास्तर माणूस. तीनदा नापास झालेल्या पोरालाही चौथ्यांदा परीक्षेला बसवतो. व्यसन सुटेल, न सुटेल. पण ते सोडायला माणूस आधी जिवंत नको का? शिक्षेला न्यायाधीश आहेत. पोलिसाने तेवढा श्वास परत द्यावा.